स्थगिती म्हणजे निकाल नव्हे

करविषयक निकालांना सर्वोच्च न्यायालय जेव्हा अंतरिम स्थगिती देते, तेव्हा करनिर्धारणाचे थांबलेले चाक पुन्हा फिरू लागते. ते फिरणे अनेकदा आवश्यकच असते. पण त्या फिरण्याची किंमत कोण मोजतो, याचा विचार त्या आदेशात क्वचितच असतो.

दिल्लीत शेरशाह मार्गावर उच्च न्यायालय आहे आणि टिळक मार्गावर सर्वोच्च न्यायालय. दोन्ही वास्तूंमधले अंतर पायी काटण्याजोगे आहे. करविषयक कज्जांना मात्र हेच अंतर कापायला वर्षे लागतात, आणि त्या वर्षांत देशभरातील करदाते व अधिकारी कोणत्या नियमाने वागतात, हे बहुधा एका छोट्याशा अंतरिम आदेशावरून ठरते. ‘उच्च न्यायालयाच्या निकालाच्या अंमलबजावणीस स्थगिती देण्यात येत आहे’ एवढ्या आशयाचे ते वाक्य असते. त्यात कारणमीमांसा नसते, कायद्याचा अर्थ लावलेला नसतो आणि पुढील सुनावणी नेमकी केव्हा होईल याचीही खात्री नसते. तरीही कोट्यवधी रुपयांची करनिर्धारणे त्या वाक्याच्या आधारे पुढे सरकतात.

अशा आदेशांचे ठळक उदाहरण म्हणजे ३ जानेवारी २०२४ चा आदेश. त्याची पार्श्वभूमी समजून घेण्यासारखी आहे. प्राप्तिकर विभागाच्या नोटिसा व आदेश हाताने लिहिले जात, त्यांची नोंद कुठे होई, कुठे होत नसे, आणि मागची तारीख घालून कागद तयार केल्याच्या तक्रारी होत. ही अपारदर्शकता संपवण्यासाठी केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाने १४ ऑगस्ट २०१९ रोजी परिपत्रक काढले. १ ऑक्टोबर २०१९ नंतरच्या प्रत्येक नोटिशीवर, आदेशावर आणि पत्रावर संगणकाने दिलेला दस्त ओळख क्रमांक, म्हणजे रूढ भाषेत ‘डिन’, असलाच पाहिजे, असे त्यात म्हटले होते. अपवादाचे प्रसंगही परिपत्रकानेच मोजून दिले, आणि त्यांसाठी वरिष्ठांची लेखी पूर्वमान्यता बंधनकारक केली. या अटी न पाळता काढलेला कागद अवैध समजला जाईल, तो कधी निघालाच नव्हता असे मानले जाईल, अशी स्पष्ट तरतूद होती. थोडक्यात, विभागाने स्वतःच स्वतःला बांधून घेतले होते.

‘ब्रँडिक्स मॉरिशस होल्डिंग्ज’ या प्रकरणात दिल्ली उच्च न्यायालयाने २० मार्च २०२३ रोजी या परिपत्रकाचा शब्दशः अर्थ लावला. क्रमांक नसलेला निर्धारण आदेश म्हणजे कायद्याच्या दृष्टीने अस्तित्वात नसलेला आदेश. किरकोळ तांत्रिक चुका पोटात घालणाऱ्या कायद्यातील तरतुदीचा आधार विभागाला येथे घेता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. देशभरात याच मुद्द्यावर आव्हाने उभी राहिली. काही महिन्यांत मुंबई उच्च न्यायालयानेही ‘अशोक कमर्शियल एंटरप्रायझेस’ प्रकरणात त्याच दिशेने निकाल दिला. मग सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या निकालाला स्थगिती दिली. क्रमांकाविना निघालेल्या आदेशांना तत्काळ अभय मिळाले, निदान तात्पुरते.

येथे पहिला प्रश्न उद्भवतो: स्थगितीने नेमके काय होते? निकाल पुसला जातो की नुसता झाकला जातो? याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयानेच १९९२ मध्ये ‘श्री चामुंडी मोपेड्स’ प्रकरणात देऊन ठेवले आहे. एखादा आदेश रद्द करणे आणि त्याच्या अंमलबजावणीस स्थगिती देणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. रद्द झालेला आदेश अस्तित्वातून जातो आणि पूर्वस्थिती परत येते. स्थगित झालेला आदेश स्थगितीच्या तारखेपासून लागू राहत नाही, पण तो नाहीसा होत नाही. राज्यघटनेच्या १४१ व्या अनुच्छेदानुसार देशातील सर्व न्यायालयांवर बंधनकारक असतो तो सर्वोच्च न्यायालयाने ‘घोषित केलेला कायदा’. कारणांविना दिलेली अंतरिम स्थगिती काहीच घोषित करत नाही.

हा भेद वकिलांच्या चर्चेपुरता राहत नाही. प्राप्तिकर अपील न्यायाधिकरणासमोर बसलेल्या सदस्यांना तो दररोज सोडवावा लागतो. स्थगित झालेला निकाल त्या खटल्यातील पक्षकारांपुरता थांबला, की त्यातील तर्कही थांबला? दुसऱ्या करदात्याने तोच तर्क मांडला तर तो स्वीकारायचा, की सर्वोच्च न्यायालयाच्या अंतिम निकालाची वाट पाहायची? दोन्ही भूमिकांना आधार सापडतो. म्हणूनच एकाच प्रश्नावर एका पीठापुढे करदाता जिंकतो, दुसऱ्यापुढे त्याचे प्रकरण खोळंबते.

सरकारची बाजू

स्थगिती मागणाऱ्या विभागाची बाजू पोकळ नाही, हे मान्य केले पाहिजे. करनिर्धारणाला कायद्याने मुदत घालून दिलेली असते. ती टळली की अधिकार संपतो, मग थकलेली रक्कम कितीही असो. उच्च न्यायालयाने एखाद्या तरतुदीचा असा अर्थ लावला की ज्याने शेकडो प्रलंबित निर्धारणे मुदतबाह्य ठरतील, आणि तो निकाल सर्वोच्च न्यायालयात दोन-तीन वर्षे तसाच उभा राहिला, तर नंतर विभाग जिंकूनही हाती काही लागत नाही. करदात्याकडून चुकून घेतलेला कर व्याजासह परत देता येतो, पण हुकलेली मुदत परत आणणे दुरापास्त. ‘भरून न येणारी हानी’ ही स्थगितीची कसोटी येथे सरकारच्या बाजूने झुकते, ती या कारणाने.

मुंबईतून उद्भवलेले ‘शेल्फ ड्रिलिंग’ प्रकरण याचा नमुना आहे. परदेशी कंपन्यांच्या आणि आंतरराष्ट्रीय व्यवहारांतील मूल्यनिश्चितीच्या प्रकरणांत २००९ पासून वेगळी पद्धत आहे. निर्धारण अधिकाऱ्याने आधी आदेशाचा मसुदा द्यायचा, करदात्याने ३० दिवसांत आक्षेप नोंदवायचे, विवाद निराकरण पॅनेलने ९ महिन्यांत निर्देश द्यायचे आणि मग अधिकाऱ्याने अंतिम आदेश काढायचा. प्रश्न असा की, ही सारी प्रक्रिया निर्धारणाच्या सर्वसाधारण मुदतीच्या आत बसवायची की तिच्यावर हा काळ वाढीव मिळतो? मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२३ मध्ये पहिला अर्थ स्वीकारला. विवरणपत्रात दाखवलेले उत्पन्नच मान्य करावे लागेल, कारण मुदत संपली, असा त्याचा परिणाम होता. सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली. पण अंतिम निकाल ८ ऑगस्ट २०२५ रोजी आला, तेव्हा दोन न्यायमूर्तींत एकमत झाले नाही. न्या. बी. व्ही. नागरत्ना यांनी करदात्याच्या बाजूने, तर न्या. सतीशचंद्र शर्मा यांनी विभागाच्या बाजूने मत दिले आणि प्रकरण सरन्यायाधीशांकडे गेले.

जवळपास दोन वर्षांची सुनावणी व विचारविमर्श करूनही ज्या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयातच मतभेद राहिले, त्या प्रश्नावर दरम्यानच्या काळात विभागाचा अर्थ गृहीत धरून निर्धारणे होत राहिली. ही टीका नव्हे, वस्तुस्थिती आहे. स्थगिती देणाऱ्या न्यायालयाला अंतिम उत्तर ठाऊक नसते, आणि तसे ते ठाऊक असल्याचा आवही ते आणत नाही. पण व्यवहारात स्थगितीचा अर्थ ‘विभागाचे म्हणणे बरोबर’ असाच घेतला जातो.

एक राजधानी क्षेत्र, तीन उच्च न्यायालये

दिल्ली आणि तिच्या परिसराचे उदाहरण घेतले की या प्रश्नाची धार अधिक जाणवते. राष्ट्रीय राजधानी क्षेत्र हा आर्थिकदृष्ट्या एकजीव प्रदेश आहे. मेट्रोने कर्मचारी नोएडातून निघून दिल्लीमार्गे गुरुग्रामला जातो. पण न्यायालयीन अधिकारक्षेत्राच्या दृष्टीने तो तीन राज्यव्यवस्थांतून प्रवास करतो. दिल्लीवर दिल्ली उच्च न्यायालय, गुरुग्राम व फरिदाबादवर पंजाब व हरियाणा उच्च न्यायालय आणि नोएडा व गाझियाबादवर अलाहाबाद उच्च न्यायालय. करदात्याचे अपील कोणत्या उच्च न्यायालयात जाईल, हे निर्धारण करणारा अधिकारी कुठे बसतो यावरून ठरते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये ‘एबीसी पेपर्स’ प्रकरणात स्पष्ट केले आहे.

परिणाम काय झाला, पाहा. फेरनिर्धारणाची नोटीस स्थानिक अधिकाऱ्याने काढायची की चेहराविरहित व्यवस्थेतूनच निघायला हवी, या वादात पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये दुसरी बाजू उचलून धरली, मुंबई उच्च न्यायालयाने त्याआधी मे महिन्यात ‘हेक्सावेअर’ प्रकरणात तेच म्हटले होते. दिल्ली उच्च न्यायालयाने मात्र ऑक्टोबर २०२४ मध्ये ‘टीकेएस बिल्डर्स’ प्रकरणात स्थानिक अधिकाऱ्यालाही अधिकार असल्याचे ठरवले. म्हणजे एकाच कायद्याखालची एकाच प्रकारची नोटीस दिल्लीत वैध आणि सीमेपलीकडे गुरुग्राममध्ये अवैध. दोन शेजाऱ्यांचे भवितव्य त्यांच्या अधिकाऱ्याचे टेबल कुठे आहे, यावर अवलंबून राहिले. असे तुकडे जोडण्याचे काम सर्वोच्च न्यायालयाचेच आहे, यात शंका नाही. तात्पुरता सांधा म्हणून स्थगितीचा उपयोगही होतो. पण सांधा पक्का करायला विलंब लागला की तो तात्पुरता सांधाच कायद्याची जागा घेतो.

तराजूची दोन पारडी

आता करदात्याच्या बाजूने पाहू. करदाता निर्धारणाविरुद्ध अपिलात जातो तेव्हा त्याच्या वाट्याला स्थगिती सहज येत नाही. मंडळाच्या २०१७ च्या निर्देशानुसार पहिल्या अपिलाच्या काळात वसुली थांबवून घ्यायची तर सर्वसाधारणपणे वादग्रस्त मागणीच्या २० टक्के रक्कम आधी भरावी लागते. २०२० च्या दुरुस्तीनंतर न्यायाधिकरणाकडून स्थगिती हवी असेल तरी किमान २० टक्के भरणे किंवा तितकी हमी देणे आवश्यक झाले. त्या स्थगितीलाही कमाल ३६५ दिवसांची मर्यादा. अपिलाचा विलंब करदात्याच्या दोषाने झाला नसला तरी ३६५ दिवसांनी स्थगिती आपोआप संपेल, अशीही तरतूद संसदेने २००८ मध्ये केली होती. ‘पेप्सी फूड्स’ प्रकरणात दिल्ली उच्च न्यायालयाने २०१५ मध्ये ती मनमानी ठरवली आणि सर्वोच्च न्यायालयाने ६ एप्रिल २०२१ रोजी त्यावर शिक्कामोर्तब केले. न्यायाधिकरणाच्या दिरंगाईची शिक्षा निर्दोष पक्षकाराला देता येणार नाही, हा त्यामागचा साधा न्याय होता.

विभाग जेव्हा सर्वोच्च न्यायालयात स्थगिती मिळवतो, तेव्हा त्याला काही भरावे लागत नाही, मुदतीची अट नसते आणि विलंबाचा हिशेब द्यावा लागत नाही. व्याजाचेही तसेच. १९६१ च्या प्राप्तिकर कायद्यानुसार थकीत मागणीवर करदाता दरमहा १ टक्का व्याज भरतो, तर परताव्यावर सरकार त्याला दरमहा अर्धा टक्का देते. ‘सरकारने चुकून घेतलेला पैसा परत मिळेलच’ हे वाक्य म्हणूनच अर्धसत्य आहे. पैसा परत मिळतो, पण गेलेला काळ, बँकेकडून घेतलेले कर्ज, ताळेबंदातील अनिश्चित देण्याची नोंद आणि लहान उद्योगाचा खेळता निधी यांची भरपाई कोणी करत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये ‘डनलॉप इंडिया’ प्रकरणात करवसुलीस सहज स्थगिती देणाऱ्या उच्च न्यायालयांना खडसावले होते. केवळ प्रथमदर्शनी तथ्य आहे म्हणून महसूल अडवू नये, सार्वजनिक हिताचाही विचार करावा, हा त्याचा आशय. तो इशारा आजही योग्य आहे. मात्र तोच मापदंड उलट दिशेने लावायला हरकत नसावी. एखाद्या घटनात्मक न्यायालयाने पूर्ण सुनावणीनंतर सकारण निकाल दिला असेल, तर तो थांबवण्यासाठीही प्रथमदर्शनी तथ्यापेक्षा अधिक काही दाखवावे लागले पाहिजे.

स्थगिती नेहमीच तिजोरीच्या पथ्यावर पडते असे मात्र नाही. मॉरिशसच्या रहिवास प्रमाणपत्राला मान्यता देणारे मंडळाचे एप्रिल २००० चे परिपत्रक दिल्ली उच्च न्यायालयाने ३१ मे २००२ रोजी रद्द केले. सर्वोच्च न्यायालयाने त्या निकालाला स्थगिती दिली आणि ७ ऑक्टोबर २००३ रोजी ‘आझादी बचाओ आंदोलन’ प्रकरणात तो फिरवला. तेव्हा परिपत्रकाचे समर्थन करणारे सरकार आणि त्याचा लाभ घेणारे गुंतवणूकदार एकाच बाजूला होते. दोन दशकांनंतर फ्लिपकार्टच्या समभागविक्रीवरील कराच्या वादात चित्र उलटे झाले. दिल्ली उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२४ मध्ये ‘टायगर ग्लोबल’च्या मॉरिशसमधील कंपन्यांच्या बाजूने निकाल दिला, सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये त्याला स्थगिती दिली आणि १५ जानेवारी २०२६ रोजी विभागाच्या बाजूने अंतिम निकाल दिला. येथे स्थगितीपासून निकालापर्यंत सुमारे एक वर्ष लागले. इतक्या मोठ्या प्रकरणात ते शक्य असेल, तर हजारो लहान करदात्यांना व्यापणाऱ्या प्रकरणांत ते अशक्य का मानावे?

मधला मार्ग ठाऊक आहे

करनिर्धारण थांबवणे आणि कर वसूल करणे या दोन टोकांच्या मध्ये बरीच जागा आहे, आणि न्यायालयांना ती अपरिचित नाही. डिसेंबर २०१८ मध्ये सोनिया व राहुल गांधी यांच्या २०११-१२ च्या निर्धारणाचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे आला. दिल्ली उच्च न्यायालयाने त्यांचे आव्हान फेटाळले होते. सर्वोच्च न्यायालयाने विभागाला निर्धारणाची कार्यवाही पुढे नेण्यास मुभा दिली, पण प्रकरण प्रलंबित असताना त्या आदेशाची अंमलबजावणी करू नये असे सांगितले. त्या वादाच्या राजकारणाशी येथे कर्तव्य नाही. पद्धत मात्र अनुकरणीय आहे. विभागाची मुदत हुकत नाही आणि करदात्याच्या दारात वसुलीही येत नाही. नामांकितांना मिळालेला हा समतोल सामान्य करदात्याला नियम म्हणून मिळावा, एवढीच अपेक्षा.

दुसरे उदाहरण ४ मे २०२२ च्या ‘आशिष अग्रवाल’ निकालाचे. फेरनिर्धारणाची नवी पद्धत १ एप्रिल २०२१ पासून लागू झाली, तरी विभागाने कोविडकाळातील मुदतवाढीचा आधार घेत जुन्याच पद्धतीने सुमारे ९० हजार नोटिसा काढल्या. त्यांविरुद्ध निरनिराळ्या उच्च न्यायालयांत ९ हजारांहून अधिक याचिका झाल्या. दिल्लीसह अनेक उच्च न्यायालयांनी नोटिसा रद्द केल्या. सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांचा कायदेशीर तर्क मान्य केला, पण १४२ व्या अनुच्छेदाखालील विशेषाधिकार वापरून जुन्या नोटिसा नव्या पद्धतीच्या कारणे दाखवा नोटिसा मानाव्यात, असा तोडगा काढला. त्यावर मतभेद होऊ शकतात आणि त्यातून पुन्हा मुदतीचे नवे वाद उभे राहिलेही. परंतु निदान तो सकारण, सर्वांना लागू होणारा आणि स्पष्ट निर्णय होता. कोणी काय करायचे, हे त्यातून सर्वांना कळले.

प्रलंबित प्रश्नांचा निकाल लागण्याची वाट पाहायला सरकारही तयार नसते, हे फेब्रुवारी २०२६ मध्ये मांडलेल्या वित्त विधेयकाने दाखवून दिले. दस्त ओळख क्रमांकातील त्रुटी, फेरनिर्धारणाची नोटीस काढण्याचा स्थानिक अधिकाऱ्याचा अधिकार आणि विवाद निराकरण पॅनेलच्या प्रकरणांतील मुदत, या तिन्ही वादांत विभागाला अनुकूल खुलासे पूर्वलक्षी प्रभावाने करण्याचे प्रस्ताव त्यात होते. निकालाचा पायाच काढून घेणारा वैधीकरणाचा कायदा करण्याचा अधिकार विधिमंडळाला आहे, हे ‘पृथ्वी कॉटन मिल्स’ प्रकरणापासून, म्हणजे १९६९ पासून, प्रस्थापित आहे. पण अधिकार असणे आणि तो वारंवार वापरणे यांत फरक आहे. व्होडाफोन निकालावर २०१२ मध्ये पूर्वलक्षी कायद्याची मात्रा दिली गेली आणि २०२१ मध्ये ती सरकारलाच मागे घ्यावी लागली, हा इतिहास फार जुना नाही. आधी स्थगिती, मग प्रतीक्षा आणि शेवटी पूर्वलक्षी दुरुस्ती, असा क्रम रूढ झाला तर उच्च न्यायालयात जिंकलेल्या करदात्याने आपल्या विजयाकडे नेमके कसे पाहावे?

काय करता येईल

उपाय क्रांतिकारक नाहीत. पहिला, करविषयक निकाल स्थगित करताना सर्वोच्च न्यायालयाने एका परिच्छेदात का होईना, कारण नोंदवावे. स्थगिती केवळ त्या पक्षकारांपुरती आहे की तत्सम सर्व प्रकरणांत तो निकाल दाखला म्हणून वापरता येणार नाही, हे स्पष्ट लिहावे. न्यायाधिकरणांची निम्मी कोंडी त्याने सुटेल.

दुसरा, सर्वसाधारण नियम असा असावा की निर्धारण चालू द्यावे आणि वसुली रोखावी. ज्याने मालमत्ता दडवल्याचा किंवा देशाबाहेर नेल्याचा आधार आहे, त्याच्याबाबत अपवाद करता येईल.

तिसरा, स्थगितीसोबतच अंतिम सुनावणीचा काळ निश्चित व्हावा. स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपेल, हा २०१८ च्या ‘एशियन रिसर्फेसिंग’ निकालातील नियम पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २९ फेब्रुवारी २०२४ रोजी मोडीत काढला, आणि ते योग्यच झाले. न्यायालयाच्या विलंबाची किंमत पक्षकाराने का द्यावी? पण स्थगिती आपोआप संपणे नको असेल, तर तिच्या मागोमाग सुनावणी येणे हवेच. एकाच प्रश्नाची प्रकरणे एकत्र करून कर खंडपीठापुढे प्राधान्याने ठेवणे न्यायालयाच्या हाती आहे.

चौथा उपाय विभागाच्या हाती आहे. एखाद्या प्रश्नावर उच्च न्यायालयांत मतभेद आणि सर्वोच्च न्यायालयात स्थगिती असेल, तर त्या काळात अधिकाऱ्यांनी कसे वागावे, याचा जाहीर निर्देश मंडळाने काढावा. दस्त ओळख क्रमांकाचे परिपत्रक ज्या हेतूने निघाले, तो पारदर्शकतेचा हेतू येथेही लागू होतो.

१ एप्रिल २०२६ पासून १९६१ चा कायदा जाऊन प्राप्तिकर कायदा, २०२५ लागू झाला. त्याची भाषा सोपी आहे, कलमे कमी आहेत, असे सांगितले जाते. जुन्या वर्षांची प्रकरणे मात्र जुन्या कायद्याखालीच आणखी कित्येक वर्षे चालतील, आणि नव्या कायद्याचे अर्थही पुन्हा शेरशाह मार्गापासून टिळक मार्गापर्यंत प्रवास करतील. कायद्याची भाषा सोपी करण्याला अर्थ येईल तो त्याचा अर्थ वेळेत ठरला तरच. करदात्याला हरण्याची सवय असते, विभागालाही असते. ज्याची सवय दोघांनाही होऊ नये, ती ही की निकाल लागला आहे, पण तो लागू आहे की नाही, हे कोणालाच सांगता येत नाही.